सहा वर्षांची

स्टुडिओने तिला तीन वर्षं सहाचीच ठेवली.
दात पडला की चिनीमातीचा बसवायचा,
केसांना रात्रभर चिंध्यांच्या गाठी.
वर्डा स्टबलफील्ड पाटीवर मावेना,
म्हणून पेनी लार्क.

रडायचं असलं की दिग्दर्शक वाकून सांगायचा,
तुझा बिस्किट गेला गं, गाडीखाली आला.
ती रडायची. वा, म्हणायचे सगळे. कट.
बाहेर मोटारीत आईच्या मांडीवर
बिस्किट शेपूट हलवत असायचा.
चारदा मेला तो.
चौथ्यांदाही तिला खरंच वाटलं.

हे तिने सांगितलं अमरिलोच्या पलीकडे,
रात्री दोनला. बस मी चालवत होतो,
मागे ड्रमवाला घोरत होता,
आणि ती, चाळिशी उलटलेली,
बूट काढून संत्रं सोलत होती.

जत्रेत अजून एखादा म्हातारा
पिवळा फोटो पुढे करतो:
पेनी, ते ओठ काढून दाखव ना.
ती सही करते. फक्त सही.
मग डुकरांच्या बक्षीस-मांडवाशेजारी
फळ्यांवर उभी राहून, घोगऱ्या खालच्या पट्टीत
गहाण ट्रकचं, परत न आलेल्या नवऱ्याचं गाते.
बायका रुमाल शोधतात.
हिचे डोळे कोरडे ठणठणीत.

आणि खरंच गेला तेव्हा? मी विचारलं.

नऊची होते, म्हणाली. म्हणजे सहाची.
आई सांगायला आली,
मी म्हटलं, कॅमेरा कुठाय?

एक फोड तिने माझ्या हातावर ठेवली.
बिया मात्र मुठीतच,
टुकमकॅरी येईपर्यंत.