अँटेना

थळच्या बर्फाच्या कारखान्यावर, पाण्याच्या टाकीवर
मी उभा, दोन्ही हातांत ॲल्युमिनियमचा काटा,
तोंड वरळीकडे.
खाली कासमशेठच्या कचेरीत
अख्खा कोळीवाडा लाकडाच्या भुशावर बसलेला.
"दिसतंय का?"
"मुंग्या! अजून मुंग्याच!"
"आता?"
"आता दिसतंय. हलू नुको, मेल्या, अजिबात हलू नुको!"

मी हललो नाही.

ताई तेव्हा दहाची. चांगुणा रामा नाखवा,
पाटीवर नुसतीच कुमारी चांगुणा.
ओकमास्तरांनी रेवसच्या लाँचने नेली होती तिला,
पिशवीत सुके बोंबील, गिरगावच्या मावशीला.
संगीत नाटक, तीन प्रवेशांचं. ती धाकटा राजपुत्र.
केस कापले. पुठ्ठ्याचा मुकुट कपाळाला टोचायचा.
डोक्यावर मायक्रोफोन, गळासारखा लोंबता,
"आणि मासा मीच," सांगायची,
"पण उडी नाही मारायची. खालूनच गायचं."
दिवे असे भाजायचे की पद संपता संपता
गालावरचा रंग ओठांत उतरला. खारट.

टाकीवर मला आलं ते एवढंच :
ऑर्गन, कुणाचा तरी खोकला,
मग पत्र्याखालून तिचा आवाज,
आणि तान जिथे वळली तिथे
आमच्या आयेचं "अगो बाय!"
मग खूप वेळ कुणीच काही बोललं नाही.
समोर खांदेरीचा दिवा फिरत होता.
माझ्या हातांना मुंग्या आल्या,
खालच्या सगळ्या वर आल्या असाव्यात.

ती फीत पुढे पुसली म्हणे.
फिती महाग. तिच्यावरच
भातावरच्या तुडतुड्यांचा कार्यक्रम घेतला.
वर्षभरात ताई वीतभर वाढली,
त्यांना दुसरा राजपुत्र मिळाला.

आता ती बंदरावर लिलाव पुकारते.
बाकीच्या बायका आकडा फेकतात,
ही ठेवते.
परवा पाटीतला बर्फ फोडता फोडता म्हणाली,
"खरं सांग, कशी दिसत होते रे मी?"
म्हटलं, मी टाकीवर होतो, तूच तर खाली होतीस.
"खाली कसली! आयेच्या पदरात तोंड घालून बसले होते.
लाज वाटली मेली."
हसली, खोकली, हात लुगड्याला पुसले
आणि पापलेटाच्या ढिगाशी उभी राहिली :
हजार एक वार,
हजार दोन वार,
तिसऱ्या आधी क्षणभर थांबली, श्वास घ्यायला.

मी हललो नाही.