शेजारची भिंत

घेंट शहरात, कालव्याला पाठ लावून, आमच्या गिल्डची खोली.
दाराला पाटी नाही. चौकटीत एक खिळा,
गिऱ्हाइकानं त्यावर टोपी अडकवायची.
दर ठरलेले:
करपलेला पाव पुन्हा कणीक व्हायला
एक कोंबडी;
सुटलेलं गलबत धक्क्याशी घुटमळायला
खारवलेल्या मासळीची दोन पिंपं.
मी सगळ्यांत धाकटा. माझ्याकडे डफ,
आणि मोजायचं काम.

गोडलीव आली नाताळाच्या आधी.
"लेक वसंतात येतोय लिस्बनहून.
मधला हिवाळा तेवढा उरकून द्या."
चांदीचं एक बटण ठेवलं. ते तिच्याच कोटाचं होतं.

योसनं ल्यूट जुळवली, माख्टेल्डनं गज उचलला.
विलंबितात बर्फ पडला,
मध्यलयीत कालवा गोठला,
द्रुतात मला माझीच बोटं दिसेनात:
मेणबत्त्या, उपास, खोकले, सगळं एका दमात
आणि समेवर
खिडकीबाहेर सफरचंदाला बहर.
गोडलीव धक्क्याकडे पळाली. टोपी खिळ्यावरच.

मग भिंतीपलीकडून रडणं.
अलाइत, लेस विणणारी.
वैद्यानं तिला एक हिवाळा दिला होता.
उशीवर टाचण्या अर्ध्या नक्षीत,
नवऱ्याच्या हातात चमचा,
सूप अजून गरम.
म्हातारी नव्हती ती. तरी काळ सोकावला.

तीन रात्री उलटं वाजवलं आम्ही.
पाव परत येतो.
तेवढंच येतं.

योसनं वहीत नवा नियम लिहिला, शाई पातळ:
आधी भिंत वाजवा. पलीकडे विचारा.

डफ अजून माझ्याकडेच आहे.
पहिला ठोका मात्र आता
त्याच्यावर पडत नाही.