घेऊनजा

तान्ह्या पोळ्याला अख्खी इतवारी ओरडते,
घेऊन जा गे मारबत.
ती नेते. नेऊन ठेवते कुठं,
हे कोणी विचारत नाही.

मी विचारलं. रात्री तलावाच्या मागं
बांबूची राख अजून कोमट होती,
तीत पाय घातला, गुडघ्यापर्यंत गेला,
मग कमरेपर्यंत,
मग वर कोणीतरी पाणी ओतल्याचा चर्र आवाज झाला
आणि मी घेऊनजात उतरलो.

घेऊनजा हे गावच आहे. वेस नाही, वाटा फार.
मधोमध शून्य मैलाचा दगड, पण त्याचं डोकं फिरलेलं:
कामठी आठ कोस, कामठी काल, कामठी नाही.
त्याचे चार घोडे चार दिशांना पळतात
आणि एकमेकांवरच येऊन धडकतात.
नाग नदी उभी आहे, वाळत घातलेल्या नऊवारीसारखी,
निऱ्यांमध्ये मासे नाहीत, चपला आहेत.

इथं दर सालची पिवळी आहे, दर सालची काळी आहे,
शंभरावर सांगाडे ओळीनं बसून
एकमेकींच्या डोक्यातली राख विंचरतात.
मधेच भांडण पेटतं:
देवी माझी, पटकी तुझी,
मागच्या सालचा डेंगू कोणाचा?
बडगे खुर्चीवर चढून भाषण देतात,
पूल होणार, पूल होणार,
आणि दर वेळी एक पूल होतोच,
हवेत, दोन्ही टोकं तुटकी.
त्यावर महागाई शिडी लावून चढते.
अजून किती वर जायचं, तिलाही ठाऊक नाही.

ताप अंगाशिवाय फिरतात.
एकोणनव्वदचा एक मलेरिया
माझ्या कपाळाला हात लावून म्हणाला,
भाऊ, जागा हाय का?
कोणाची तरी भीती सायकलच्या दुकानात
त्याच त्या चाकात हवा भरून घेत होती.
डासांचा मोहल्ला वेगळा, त्यांच्यात बारसंही गुणगुणतच.
दुपार सत्तेचाळीसवर अडकली आहे.
वाळ्याचा वास येतो, पाणी येत नाही.

मी शोधत होतो तो खोकला
चहाच्या टपरीमागं सापडला.
बाबाचा. चिंतामण परातेंचा.
मागाची कस चाळीस वर्षं छातीत साठलेली:
दोन छोटे, एक लांब,
मग घशात अडकलेली कडी.
तो रात्री झोपू देत नव्हता म्हणून
नऊ वर्षांचा मी, मामाच्या खांद्यावर बसून
सगळ्यांपेक्षा मोठ्यानं ओरडलो होतो,
त्याचंच नाव घेऊन.
मारबतीनं ऐकलं.
तिला सुटं करता आलं नाही.
दिवाळीच्या आत खोकला नेला,
आणि ज्याला तो धरून होता, त्यालाही.
आम्ही झोपलो मग. खूप झोपलो.

खोकला आता म्हातारा झाला आहे, छाती नाही त्याला.
टिनाचा डबा, पाइप, बंद मागाची पेटी,
सगळीकडं राहून पाहिलं, कुठं घुमत नाही.
मला पाहून दोन छोटे दिले. थांबला.
लांब दिला नाही.
काऊन आला बे, असं म्हणायला बाबा लागतो,
खोकल्याला एवढंच येतं.

मी सदऱ्याची वरची गुंडी काढली.

पिवळ्या एकदम थांबल्या, हातात फण्या तशाच.
इथून काही न्यायचं नसते, एक बोलली,
नेणं आमचं काम.
काळी मात्र नदीकडं पाहू लागली,
मुद्दाम.

पहाटे गांधीबागेजवळ तर्रीपोह्यांची गाडी लागली होती.
पहिला घास, तर्री जरा जास्त.
गाडीवाल्या गिऱ्हेपुंजेनं पाण्याचा गिलास पुढं केला,
तिखट लागलं का भाऊ?
नाही, म्हणालो.
दोन छोटे होऊन गेले होते.
गिलास तसाच ठेवून
मी लांबची वाट पाहत होतो.