दोन बोटांची कपार

आठवडाभर मी फक्त ऐकते.
भायखळ्याच्या कंट्रोल रूममध्ये, कानाला हेडफोन.
माणसं मजला सांगतात, विंग सांगतात,
धूर कुठून येतोय ते सांगतात,
आत अडकलेलं मूल किती वर्षांचं, तेही सांगतात,
आणि मी गाडी पाठवते.
गाडी पोचली की माझी लाइन सुटते.
पुढे काय झालं
ते मला कुणी कळवत नाही. तशी पद्धतच नाही.

एकोणीस वर्षं.
शेवट नसलेल्या गोष्टींची रद्दी साठलीय माझ्यात,
आणि तिला घेणारा रद्दीवाला नाही.
डॉक्टर म्हणाले, चालायला जा.
गेले. बागेत गोल गोल फिरताना
माझ्यामागून सगळे मजले चालत आले.

आता दर रविवारी बोरिवलीच्या जंगलात,
कान्हेरीच्या बऱ्याच अलीकडे,
एका काळ्या कातळाच्या पायथ्याशी उभी असते,
वय अठ्ठेचाळीस, गुडघे त्याहून थोरले.
जान्या वरठा गाठ एकदा मारतो, दोनदा तपासतो.
पाड्यावरचा पोरगा, शब्द मोजून वापरणारा.
"वर बघायचं नाय, बाई. पाय बघायचे."

पहिल्या रविवारी डोक्याएवढी उंची गाठली आणि उतरले.
दुसऱ्यांदा गेले ते निव्वळ रागानं.
तिसऱ्या वेळी समजलं की
घरी माझ्या भीतीला आकारच नव्हता,
ती भिंतीतल्या ओलीसारखी, कुठून येते कळायचं नाही.
इथे मात्र ती दोन बोटं रुंद.
तेवढीच कपार. तिच्यात मधली दोन बोटं,
डाव्या पायाखाली सुपारीएवढा उंचवटा,
आणि उजवा पाय थडथडतोय
भाताच्या पातेल्यावरच्या झाकणासारखा.
मुंगळ्यांची रांग माझ्या मनगटावरून निघून गेली,
त्यांच्या लेखी मी कातळच.
त्या वेळात एकही फोन वाजला नाही डोक्यात.
कातळाला कान लावून बघितला तरी नाही.

मग बोटं सुटली.

पडायला किती वेळ लागतो?
माझी किंकाळी अर्धी होईतो दोर ताणला
आणि मी लोंबकळत, खांदा खरचटलेला,
करवंदीच्या जाळीवर हेलकावे खात.
खालून जान्यानं विचारलं, "काय झालं?"
"पडले."
"मंग?"
"मग दोरानं धरलं."
"मंग झालं की."

मंग झालं की.
एकोणीस वर्षांत पहिल्यांदा
मला गोष्टीचा शेवट कुणीतरी लगेच कळवला होता.
मी तिथेच रडायला लागले, हसतही असेन,
तो बिचारा घाबरून विचारत राहिला, उतरवू का, उतरवू का.

त्या दिवशी वर काही पोचले नाही.
पोचले दीड महिन्यानं. वर काहीच नव्हतं,
वाळकं गवत, कुणाची तरी बिसलेरीची बाटली,
आणि लांब मुलुंडचे टॉवर.
सवयीनं मजले मोजू लागले, बावीस, तेवीस,
चोविसाव्यावर कुणाची तरी चादर वाळत असावी,
किंवा ऊन असेल.
जळत काहीच नव्हतं.
बराच वेळ नुसती बघत बसले, काही जळत नसलेलं.

झोप अजून मोडते, सांगून ठेवते.
गोळीही चालू आहे, अर्धी.
सोमवारी बोटांची सालं निघालेली,
बटण दाबलं की झोंबतात,
आणि त्या झोंबण्यानं मी खुर्चीत असते,
दुसऱ्याच्या जिन्यात नसते.

काल एक बाई फोनवर ओरडत होती,
अकरावा मजला, धूर, काही दिसत नाही, काही दिसत नाही.
मी म्हटलं, खाली बसा. अगदी जमिनीला टेका.
आता लांबचं काही सांगू नका,
हाताला काय लागतंय तेवढं सांगा.
ती थांबली. श्वास ऐकू आला.
म्हणाली, "फरशी. गार आहे.
आणि दाराची चौकट."

चौकट धरा, म्हटलं.
तिला धरून पुढे सरका. मी आहे लाइनवर.

मग गाडी पोचली.