प्रश्न क्रमांक त्रेसष्ट

प्रश्न साधा होता. काफल कोणत्या महिन्यात पिकतं?
पर्याय चार : चैत्र, वैशाख, जेठ, आषाढ.
मी वैशाखाचा गोल काळा केला.
आमचं गाव खाली, सतलजच्या अंगाला,
तिथे वैशाखातच आई ओटीत भरून आणायची
ती लाल, खरबरीत, नावापुरत्या गराची फळं,
आणि आम्ही भावंडं मिठासाठी भांडायचो.

टेकचंदने जेठ काळा केला.
त्याचं गाव आमच्यापेक्षा अडीच हजार फूट वर.
तिथे वैशाखात माणसं अजून गोधड्या सोडत नाहीत,
झाडं कशी सोडतील?

उत्तरतालिकेत वैशाख निघाला.
एका गुणाने मी आत, एका गुणाने तो बाहेर,
आणि त्याच वर्षी त्याचं वय उलटलं.

नेमणूकपत्र पोस्टाने आलं. आईने कुंकू लावलं त्याला.
शेवटची ओळ मी घरात कुणाला वाचून दाखवली नाही :
'सदर नियुक्ती याचिकेच्या अंतिम निकालाच्या अधीन राहील.'

तेव्हापासून अधीन राहूनच चाललंय सगळं.
अधीन राहून बेचा पाढा घेते,
अधीन राहून खिचडीचं मीठ बघते,
पहिलीतल्या पोराची चड्डीची नाडी सोडवते.
रोहडूचं स्थळ आलं होतं, बागायतदार, घर पक्कं.
मुलाच्या मामाने चहाची बशी खाली ठेवत विचारलं,
'निकाल कधी म्हणालात?'
परत आले नाहीत.

शिमल्याला पहाटेची बस पकडून जायचं.
कोर्टाच्या यादीत मला नाव नाही,
मी प्रतिवादी क्रमांक सत्तेचाळीस.
एकदा न्यायमूर्तींनी चष्मा काढून विचारलं,
'काफल म्हणजे नक्की काय?'
सरकारी वकील म्हणाले, 'एक जंगली फळ, माय लॉर्ड.'
मागच्या बाकांवर आम्ही साठ-सत्तर जण,
दोन्ही बाजूंचे,
एकदमच हसलो. पट्टेवाल्याने दटावलं.

तज्ज्ञ समितीचा अहवाल सतरा पानांचा आला.
त्यात झाडाचं लॅटिन नाव, पावसाचे आकडे,
आणि तळाशी एक शब्द : 'स्थानपरत्वे'.
आमचे वकील म्हणाले, हा शब्द आपल्या बाजूचा.
त्यांचे वकीलही तेच म्हणाले असणार.

वकिलांनी बजावलंय, विरुद्ध पक्षाशी बोलायचं नाही.
पण खालच्या टपरीवर बाकडं एकच आहे.
टेकचंद आता सेबाच्या पेट्यांची पिकअप चालवतो.
तो दरवेळी आधी तेच विचारतो :
'पलक वाचायला लागली का, मॅडम?'

कारण जागा रिकामी होती ती त्याच्याच गावची शाळा.
एक खोली, अकरा मुलं, दुसरीत त्याची पोर.
तो वर्गात उभा असता
तर तिला घरातही सरच म्हणावं लागलं असतं.
'जोडाक्षरं अडतात,' मी सांगते.
'माझीपण अडायची,' तो म्हणतो, आणि चहाचे पैसे देतो.
मी देऊ देते. मागच्या तारखेला मी दिले होते.

मागच्या सुनावणीला निकाल राखून ठेवला.
कुठे राखून ठेवतात, माहीत नाही.

काल जेठाची दुसरी तिथी.
प्रार्थना संपल्यावर पलक टेबलाशी येऊन उभी राहिली,
डब्याच्या झाकणात काफलं,
कडेला कागदाच्या पुडीत मीठ.
'बाबांनी दिलीत. म्हणाले, मॅडमना सांग, आज पहिल्यांदा पिकली.'

ती जपून ठेवायला हवी होती बहुतेक,
तारखेसकट, सहीसकट, पंचांच्या समक्ष.
मी एक तोंडात टाकलं.
आंबट. मग गोड. मग नुसती बी.
मग अकरा मुलं पुढे आली
आणि झाकण रिकामं झालं.

फळ्यावर तारीख घालायची राहिली होती.
खडू उचलला तर तो लाल झाला.