चार घरं

डबा हातात मावेल एवढाच.
बर्डीवर, उड्डाणपुलाखाली चादर अंथरणाऱ्या
मुन्शीकडून घेतलेला, साडेतीनशेला.
उजवं बटण बसलेलं,
आणि आत एकच खेळ अडकलेला, निघता निघत नव्हता.
सगळा जपानीत.

इंदोऱ्याच्या विहारात त्या वर्षी
एक जपानी भंतेजी वर्षावासाला आले होते.
आम्हा पोरांना पाली शिकवायची ठरली होती,
पण त्यांना मराठी येईना, आम्हाला काहीच येईना,
मग त्यांनी फळ्यावर खडूनं आपलीच मुळाक्षरं काढली.
बाकीची पोरं क्रिकेटला पळाली.
मी बसलो. मला फक्त
डब्यातली म्हातारी काय सांगते ते पाहिजे होतं.
ती सांगत होती: पुलापलीकडं जाऊ नको.
मी चार महिने जात होतो, आणि मरत होतो.

आता चौतिसावं.
दिवसा महावितरणात बिलांच्या तक्रारी,
रात्री हा खेळ इंग्रजीत.
कुणी सांगितलं नाही, कुणी पैसे देत नाही.
भीमरत्न म्हणतो, मराठीत तरी कर बे.
मी म्हणतो, आठ बाय आठ ठिपक्यांत
एक जोडाक्षर बसवून दाखव, जागाच नाही तिथं.
तो म्हणतो, आपल्याला जागा कुठं होती?
आणि पोहे मागवतो. तर्री जास्त.

फिनलंडचा युस्सी, ज्याला मी कधी पाहिलं नाही,
त्यानं खेळाचं पोट उघडून अक्षरं बाहेर काढली.
एका जपानी अक्षराचं एक घर,
त्याच घरात एक इंग्रजी अक्षर.
भाडेकरू बदलला, भिंती त्याच.
तलवारीला तीन घरं मिळाली, म्हणून तिची कुऱ्हाड झाली.
शूर वीर तलवार परजत फिरतो
आणि खाली लिहिलेलं असतं: कुऱ्हाड.

मे. शेहेचाळीस.
कूलरच्या टाकीत नळी सोडून
मी एका शब्दापाशी अकरा रात्री.

मुलगा घरी येतो,
पाच राक्षस मारून, किंवा नुसताच पळून,
आणि आई चुलीकडून मान न वळवता म्हणते:
ओकाएरि.
चार घरं.
इंग्रजीत याला शब्द नाही, वाक्य आहे,
पायपुसण्यावर छापतात तसलं.
मराठीत आहे.
दाराच्या कडीइतका रोजचा.
दिसायला प्रश्न, पण उत्तर कुणी देत नाही,
माणूस मोजून आत घेतला, एवढंच.

आई मूळची साताऱ्याकडची.
डागा दवाखान्यात नर्स.
काहून म्हणते, येऊन राहिली म्हणते,
सगळी नागपूरची झाली,
एक ‘स’ तेवढा सोडला नाही.
इथं सगळे विचारतात, आला?
ती म्हणते, आलास?
त्या ‘स’वरून गल्लीतली पोरं मला चिडवायची.

ए. एल. ए. एस.
पहाटे तीनला, गंमत म्हणून टाकलं.
बसलं. काठोकाठ.

महिन्यानं युस्सीचं पत्र.
मुलगा घरी आला की ही बाई
दर वेळी ‘अरेरे’ का म्हणते?
चूक आहे का?
खाली, दोन ओळी सोडून:
असली तरी राहू दे.
माझी आई अशीच होती.

त्याला काय लिहावं ते सुचेना.
टाकीतलं पाणी संपून कूलर नुसताच घरघरत होता.
कडी हलकेच सरकली.
नाइट ड्यूटीवरून ती, चपला हातात धरून,
मी झोपलोय असं समजून.
इतकी वर्षं ती याच वेळेला येते
आणि या वेळेला घरात कुणी जागं नसतं.

डबा पालथा ठेवला.
म्हणालो, आलीस?

ती दारातच थबकली.
पिशवी तशीच टाकून
माझ्या कपाळाला हात लावला.
म्हणाली, काय झालं रे? ताप आहे का?