केसभर

उद्यमबागेत, फाउंड्रीच्या मागल्या गल्लीत
माझी सत्त्याण्णवची एस्टीम
उभ्या जागी धापा टाकते.

"पाय काढलासा तरी तिला वाटतंय
पाय हाय अजून," भरमाण्णा म्हणतो.
मीटरवर शून्य पॉइंट आठ.

दोन स्क्रू. सैल करायच्या आधी
सेन्सरच्या कडेला तो खिळ्यानं ओरखडा काढतो:
"चुकलं तर परत यायला जागा पायजे."

मग केसभर फिरवतो,
आकडे कन्नडात पुटपुटत.
एळु. आरु.
पुन्हा एळु.
श्वास मीच धरलेला.
ऐदु.
"साकु."

इंजिन इतकं खाली येतं
की शेजारच्या लेथवरचा पोरगा
मान वर करून बघतो, बंद पडली काय म्हणून.
भरमाण्णा स्क्रू आवळतो.
ओरखडा तसाच ठेवतो,
नव्या जागेच्या जरा अलीकडे.